हात कानाला पोचला नव्हता

एक जूनला जन्मलेली माणसं पाहायची असतील तर आमच्या नंदुरबार जिल्ह्यात या. धडगावपासून तोरणमाळपर्यंत कुठल्याही पाड्यावर जा आणि आधार कार्डं काढायला सांगा. बाप एक जूनचा, आई एक जूनची, चारही पोरं एक जूनची. त्यातल्या निदान तीनशे जन्मतारखा माझ्या हातच्या आहेत. मी चुनीलाल पाटील, राहणार म्हसावद, आश्रमशाळेचा निवृत्त मुख्याध्यापक. डोंगरातल्या लोकांकडे जन्माचा कागद नसे, शाळेला तारीख लागे, आणि एक जूनला सहा वर्षं पूर्ण दाखवली की पोराचं नाव पहिलीत घालता येई. सगळेच गुरुजी असं करत. मला त्यात कधी काही वावगं वाटलं नाही.

गेल्या जानेवारीत सरकारी वकील कामिनीबाई भर दुपारी माझ्या घरी आल्या. हातात माझ्याच शाळेच्या रजिस्टरची झेरॉक्स. पाणीसुद्धा न घेता म्हणाल्या, "गुरुजी, भाग्येशनी केस मन्हाकडे शे."

भाग्येश गावात सगळ्यांना माहीत. बसस्टँडसमोर त्याचं ऑनलाइन कामांचं दुकान होतं. शिष्यवृत्ती, कॉलेजचे फॉर्म, जातीचे दाखले, पीक विमा, सगळं त्याच्याकडे. माझा पेन्शनसाठीचा हयातीचा दाखलाही दर नोव्हेंबरात तोच काढून द्यायचा. मी यंत्रावर अंगठा ठेवला की म्हणायचा, "गुरुजी, आजून पन्नास वरीस!" मी त्या हरामखोराचा चहा प्यायलो आहे. आठवलं की आजही तोंड कडू होतं.

दोन वर्षांपूर्वी सायबर पोलिसांनी त्याला उचललं तेव्हा कळलं की दुकानामागच्या खोलीत कॅमेरे होते. इंटरनेटचा एक भाग असा असतो म्हणे, जो साध्या मोबाइलवर दिसत नाही. तिथे शिरणाऱ्याचं नाव नाही, गाव नाही. तिथली गिऱ्हाइकं आपापल्या घरी खुर्चीत बसून काय करायचं ते टाइप करत आणि हा त्या खोलीत ते पोरींना करे. मारहाणीपासून पुढे सगळं. त्याहून जास्त मी लिहिणार नाही. त्या फिल्मा परदेशातल्या पोलिसांच्या हाती लागल्या आणि दिल्लीमार्गे इथवर आल्या. गिऱ्हाइकांपैकी दोघे तिकडे धरले गेले. बाकीचे आजही पोटभर जेवून झोपत असतील, आणि त्यांची तोंडं कुणी पाहिलेली नाहीत. माझ्या हाती सापडले असते तर म्हातारा असलो तरी पायताण हातात घेतलं असतं.

फिल्मांत पाच पोरी होत्या, पाचही डोंगरातल्या. चौघींना घरच्यांनी ऊसतोडीला गुजरातेत नेलं, त्या कोर्टात आल्याच नाहीत. एकच उभी राहिली.

"रविना उखा पावरा," कामिनीबाई म्हणाल्या. "तुम्हनी शाळानी पोर."

मी मान हलवली. बारावी झाल्यावर पेढे घेऊन आली होती.

"आरोपीना वकीलनी तुम्हनं रजिस्टर कोर्टमा दाखल करेल शे. जन्म एक जून दोन हजार पाच. फिल्मा शेत जुलै दोन हजार तेवीसन्या. म्हणजे कागदवर ती अठरा पूर्ण."

मला आधी उमगेना. मग त्यांनी समजावलं. मुलगी अठराच्या आतली असेल तर पोक्सो, म्हणजे मुलांवरच्या अत्याचाराचा कायदा, लागतो. वय सिद्ध करायला शाळेची नोंद सगळ्यात आधी पाहतात. नोंदीप्रमाणे रविना मोठी, म्हणून भाग्येशचा वकील सांगतो की सज्ञान मुलगी, तिने राजीखुशीने पैसे घेऊन काम केलं. पोक्सो उडाला की बाकीचा खटलाही लंगडा होणार.

मग त्यांनी आणखी एक कागद पुढे केला. भाग्येशने एका गिऱ्हाइकाला पाठवलेला मजकूर, इंग्रजीतून मराठीत केलेला. तारीख एप्रिलची. "जूनपर्यंत थांबा. कागदावर अठरा होऊ द्या. खरी ती खूप लहान आहे, पण मग कायदा आपलं काही करू शकत नाही."

कॉलेजच्या फॉर्मसाठी पोरी शाळेचे दाखले घेऊन त्याच्याकडे येत. तो ते स्कॅन करून ठेवी. डोंगरातल्या पोरींची वयं गुरुजींनी वाढवलेली असतात हे त्याला चांगलं ठाऊक होतं. त्याने माझी तारीख वाचली आणि ती उलटायची वाट पाहत बसला.  मी ओट्यावर बसलो.

"तिनं खरं वय कितलं व्हतं, गुरुजी? तुम्हले माहीत शे का?"

माहीत होतं. कसं नसेल?

दोन हजार अकराचा जून. शाळेची पटसंख्या कमी भरली होती, एक शिक्षक कमी होणार होता, आणि मी पोरं गोळा करत पाडे पालथे घालत होतो. उखाच्या झोपडीसमोर त्याची मोठी मुलगी आणि धाकटी गुली खेळत होत्या. वय ठरवायची आमची एकच रीत. उजवा हात डोक्यावरून न्यायचा आणि डावा कान धरायचा. हात पोचला की पोर सहा वर्षांचं. मोठीचा पोचला. गुलीने डोळे घट्ट मिटून, जीभ बाहेर काढून जोर लावला, तरी बोटं टाळूवरच अडकली. तिची आई फुलवंताबाई हसायला लागली. अंगणवाडीची सेविका आशा शेजारीच उभी होती. ती म्हणाली, "गुरुजी, ही माझ्या अंगणवाडीतली आहे. साडेतीन वर्षांचीच आहे."

मी म्हणालो, "दोन वेळचं जेवण मिळेल तिला, बहिणीबरोबर राहील." आणि लिहून घेतली. सहा वर्षं पूर्ण. गुली हे नाव रजिस्टरात शोभत नाही म्हणून रविना केलं. नाव माझं, तारीख माझी. जेवणाचं मी नंतर जोडलेलं कारण होतं. मला एक डोकं कमी पडत होतं, एवढंच.

कामिनीबाईंनी ऐकून घेतलं. मग सरळ म्हणाल्या, "आशाबाईनं जुनं रजिस्टर सापडनं शे. त्याम्हा गुली शे, जन्म डिसेंबर दोन हजार सात. रविना नही. आई सांगस ती हाईच पोर, पन आईनं ऐकी कोन? नाव तुम्ही बदलेल शे, म्हणून गुली आनि रविना एकच, हाई फक्त तुम्हीच सांगू शकतस. पन एक सांगीसन जास. खोटी नोंद कबूल करी तं चौकशी लागी. पेन्शन अडकू शकस. गुन्हाबी दाखल व्हई. मी जबरदस्ती करनार नही."

डिसेंबर दोन हजार सात. म्हणजे त्या खोलीत रविना साडेपंधरा वर्षांची होती.

त्या गेल्यावर मुलगा योगेंद्र माझ्यासमोर येऊन बसला. तो सोसायटीत कारकून आहे, कागदाला भितो. "आप्पा, तुम्हले आठवत नही असं सांगी द्या. चौदा-पंधरा वरीस व्हई गयात. म्हातारा माणूसले कोन काय म्हनी?"

"आनि ती पोर?"

"तिनं जे व्हवानं ते व्हई गयं ना, आप्पा. तुम्ही कसाले खड्डामा पडतस?"

मी त्याच्यावर ओरडणार, तोच पार्वतीबाई, माझी बायको, आतून आली. आयुष्यात ती मला उलट बोललेली नाही. हातात पिठाची परात तशीच होती. "पेन्शन गयी तं गयी," ती म्हणाली. "पन तुम्ही खोटं बोलनात आनि तो सुटना ना, तं मी तुम्हले जेवाले वाढनार नही." परात आपटून ती आत गेली. योगेंद्र त्यानंतर त्या विषयावर बोलला नाही.

मार्चमध्ये शहाद्याच्या कोर्टात माझी साक्ष झाली. दारं बंद करून. रविना दुसऱ्या खोलीत होती. भाग्येश पडद्याआड होता, पण येताना दिसला. पांढरा शर्ट, कपाळाला गंध. मला पाहून त्याने सवयीने मान लववली. गुरुजींना नमस्कार! मी तिथेच थुंकणार होतो, कोर्ट आहे म्हणून गिळलं.

कामिनीबाईंनी विचारलं तसं मी सगळं सांगितलं. न्यायाधीशबाईंनी मध्येच थांबवून बजावलं, की हे सांगितल्याने तुमच्यावरच कारवाईची वेळ येऊ शकते. मी म्हटलं, येऊ द्या.

मग आरोपीचा वकील उठला. "म्हणजे तुम्ही सरकारी रजिस्टरात खोटं लिहिलंत?"

"हो."

"मग आज खरं बोलताय कशावरून? खोटारड्या माणसावर कोर्टाने विश्वास का ठेवायचा?"

माझा तोल गेला. "साहेब, ते रजिस्टर तुम्हीच दाखल केलंय ना? मग ते पान उघडा. चोवीस पोरं आहेत. चोवीसच्या चोवीस एक जूनला जन्मलेली. सातपुड्यातल्या सगळ्या बाया एकाच दिवशी बाळंत होतात का? मी खोटारडा आहे हे कळायला माझी साक्ष कशाला पाहिजे, तो कागदच ओरडून सांगतोय. तुमच्या अशिलाला ते एप्रिलातच कळलं होतं. तो एक जूनची वाट पाहत थांबला. तुम्हाला एवढ्यात कळत नाही?"

वकील ओरडला, न्यायाधीशबाईंनी मला दटावलं. मी माफी मागितली. मग त्यांनीच विचारलं, मुलगी सहाची नव्हती हे तुम्हाला त्या दिवशी कशावरून कळलं. मी पिंजऱ्यात उभा राहून उजवा हात डोक्यावरून डाव्या कानाकडे नेला, बोटं टाळूवर थांबवली आणि म्हणालो, "इथपर्यंतच आला होता, बाईसाहेब." त्यांनी ते टायपिस्टला लिहून घ्यायला सांगितलं. पुढच्या तारखेला आशाने अंगणवाडीतलं, पोरांच्या वजनाचं रजिस्टर दाखवलं. ज्या महिन्यात माझ्या पहिलीत रविना दाखल झाली, त्याच महिन्यात तिच्या यादीतली गुली गळाली होती.

जुलैत निकाल लागला. वय मान्य झालं, पोक्सो लागला, भाग्येशला वीस वर्षं सक्तमजुरी झाली. मला खात्याची नोटीस त्याआधीच आली होती. ती घडी करून खिशात ठेवून मी निकाल ऐकायला गेलो होतो.

बाहेर व्हरांड्यात फुलवंताबाई भिंतीला टेकून बसली होती. रविना उभी होती. एवढ्या दिवसांत मी तिच्यासमोर गेलो नव्हतो, जायची हिंमत नव्हती. कामिनीबाईंनी पाठीवर हात ठेवला म्हणून पुढे झालो. वाटलं, म्हणेल, गुरुजी, तुमच्यामुळे न्याय मिळाला. हो, मला तसं वाटलं. माणूस किती निर्लज्ज असतो बघा.

रविनाने माझ्याकडे पाहिलं. मग उजवा हात डोक्यावरून नेला आणि डावा कान धरला. सहज पोचला.

"आता पोचतो, गुरुजी," ती म्हणाली. मराठी स्वच्छ, मीच शिकवलेली. "तेव्हा पोचत नव्हता ना?"

"नाही, बेटा."

"तुम्हाला दिसत होतं?"

फुलवंताबाईने मान वर केली. पलीकडे पोलीस भाग्येशला गाडीत चढवत होते, पण रविना तिकडे बघत नव्हती. ती माझ्याकडे बघत होती, आणि हात अजून कानावरच होता.

"दिसत होतं," मी म्हणालो.

तिने हात खाली घेतला, आईला उठवलं आणि दोघी बसस्टँडकडे चालू लागल्या.