उघडा तळहात

ताईने मरणाची इतकी धास्ती घेतली होती की ती डोळे मिटायलाच तयार नसे. रात्रभर खुर्चीत ताठ बसून राही. कर्करोगाचं दुखणं औषधांनी आटोक्यात होतं, भीती मात्र कशालाच बधत नव्हती. शेवटी डॉक्टरीणबाईंनी तिला आपल्या नव्या उपचाराच्या अभ्यासात घेतलं. एका जातीच्या अळंबीत असतं तेच भास घडवणारं द्रव्य, मोजून, देखरेखीखाली द्यायचं. आधी तिचं हृदय तपासलं, घराण्यात कुणाला वेड लागलं होतं का, हे खोदून खोदून विचारलं. गुण येईलच असं नाही, हेही स्पष्ट सांगितलं.

एलएसडी, केटामीन, असल्या द्रव्यांबद्दल जे हाती लागलं ते वाचूनच मी त्या दिवशी तिच्याबरोबर दवाखान्यात गेलो होतो. "काहींना नंतरही फार त्रास..." मी चाचरत म्हणालो.

"पुस्तकी किड्या, गोळी मी घेणार, आणि घाम तुला फुटलाय!" ताई म्हणाली.

नर्सने विचारलं, "आजी, घाबरलात तर हात धरू का?"

"मला कुणी धरलेलं खपत नाही."

"मग मी धरणार नाही. माझा हात फक्त इथे असेल." तिने आपला तळहात पलंगाच्या कडेला उताणा ठेवला.

ताईने गोळी गिळली आणि नर्सने दिलेली काळी पट्टी डोळ्यांवर स्वतःच बांधली. माझ्याच्याने ते झालं नसतं.

काही वेळाने ती रडू लागली. "बुडतेय मी, बुडतेय!" चादर मुठीत आवळली. मी उठलो. नर्सने मानेनेच मला बसवलं. तिचा हात तसूभरही हलला नव्हता. ही बाई आहे की दगड, असं मनात येऊन गेलं.

"बुडा, आजी. मी इथेच आहे," ती हळूच म्हणाली.

ताईची मूठ सैल झाली. बोटं चाचपडत निघाली आणि त्या तळहातावर येऊन थांबली. मग तिने तो असा आवळला की नर्सची बोटं पांढरी पडली.

संध्याकाळी, डॉक्टरीणबाईंनी तपासून सोडल्यावर, आम्ही टॅक्सीने निघालो.

"काय दिसलं गं?"

"सांगता येत नाही. तुझ्या पुस्तकात बघ."

"त्यात नाही."

"मग गप्प बस."

थोड्या वेळाने तिचं डोकं माझ्या खांद्यावर कलंडलं. मी धसकून तिचा श्वास पाहिला. ताई चक्क घोरत होती.

टॅक्सी घरापाशी थांबली. "आजींना उठवू?" ड्रायव्हरने विचारलं.

"नको, नको," मी कुजबुजलो. "आणखी एक फेरी मारा."