बुजवलेली भोकं

रविवारी चार वाजता लेक येणार होती आणि आईने सकाळपासून नवऱ्याला स्वयंपाकघरातून तीनदा हाकललं होतं. नवरा सुतार. हातात कसब होतं, पण ते हात नको तिथे आधी पोचायचे.

लेक सहा वर्षं बापाच्याच हाताखाली कारखान्यात शिकली. मग तिने यंत्रावर कपाटं काढणाऱ्या एका कंपनीत नोकरी धरली. बाप म्हणाला, आता इकडे फिरकू नकोस. तीही त्याचीच लेक, फिरकली नाही. दोन वर्षं आई दोघांचे निरोप पोचवत राहिली आणि आता तिला त्याचा मनस्वी वीट आला होता. शेवटी तिने फोनवर सांगितलं की तुझी आवडती सुक्या मेव्याची पाई करते, सगळी घरी, अगदी पिठापासून. तू फक्त ये. लेक म्हणाली, तासभर येईन. आज बिनसलं तर ही पुन्हा या घराची पायरी चढणार नाही, हे आई ओळखून होती.

म्हणून तिने जीव ओतला होता. थंडगार लोणी मैद्यात चोळलं, बर्फाच्या पाण्याने पीठ जेमतेम गोळा केलं आणि फ्रिजमध्ये मुरत ठेवलं. नवऱ्याला निदान गुंतवावं म्हणून अक्रोड फोडायला दिले, तर हा गृहस्थ एकेक अक्रोड पकडीत धरून आतला गर अखंड काढत बसला. तुकडे चालतात, असं तिने दोनदा सांगितलं. आपल्या हातून मोडका माल जात नाही, असं उत्तर आलं. त्याच्याशी हुज्जत घालता घालता इकडे बदाम करपले. पुन्हा नवे भाजायला घेतले.

दुपारी तिने पोळी लाटून पसरट भांड्यात बसवली, तळाला काट्याने टोचे मारले आणि भांडं फ्रिजमध्ये गार व्हायला ठेवलं. तेवढ्यात क्रीम आंबल्याचं लक्षात आलं. कोपऱ्यावरच्या दुकानात जाताना तिने नवऱ्याला बजावलं, की अर्ध्या तासाने भांडं तसंच, सारणाशिवाय, ओव्हनमध्ये ठेवा आणि बाकी कशालाही हात लावू नका.

दुकानात रांग होती. ती परतली तेव्हा साडेतीन वाजले होते. ओव्हनचं दार उघडून बघते तर पाईचा तळ टम्म फुगून भांड्याच्या काठावर आलेला. सारण घालायला बोटभर जागा नव्हती.

"काय केलंत?" तिने विचारलं.

"अगं, तळाला भोकंच भोकं होती," तो शांतपणे म्हणाला. "सारण गळलं असतं. मी बुजवून दिली."

अंड्याचा पांढरा बलक आणि मैदा कालवून त्याने एकूण एक भोक भरलं होतं, वर सुरीने घासून सपाटही केलं होतं. भोकं वाफ जायला असतात हो, असं ती ओरडली आणि तिला रडूच कोसळलं. दुसरं पीठ मुरवायला वेळ नव्हता. दोन वर्षांनी एक संधी मिळाली होती आणि या माणसाने तिलाही लाकडातल्या भोकांसारखी लांबी भरून ठेवली.

दारावरची बेल वाजली. लेक पंधरा मिनिटं लवकर आली होती. बापाकडे न बघता ती आत आली, पर्सही खांद्यावरून काढली नाही. आईने भांडं तिच्यापुढे आदळलं आणि डोळे पुसत सगळी हकिगत सांगून टाकली. लपवाछपवी करण्याचंही त्राण तिच्यात उरलं नव्हतं.

लेकीने वाकून तळ निरखला. एका जागी बोट फिरवलं.

"सांधा कुठे दिसतच नाही," ती हळूच म्हणाली. "पण बाबा, बुजवण्याआधी कुणाला विचारायचं तरी."

बाप ओट्याकडे बघत राहिला. "कुणाला विचारू? दोन वर्षं झाली. कारखान्यातही मी काही विचारायला मागे वळतो आणि मागे कुणी नसतं."

लेकीने पर्स खुर्चीवर ठेवली, चमचा घेतला आणि त्याच्या पाठीने फुगलेला तळ जपून खाली दाबायला लागली. तळ तडकला. बापाने न सांगता उरलेला बलक तिच्यापुढे सरकवला.

आई मात्र अजून धुमसत होती. एवढं एकच वाक्य होतं, आणि ते हा माणूस दोन वर्षांत कुठल्याही दिवशी, रिकाम्या ताटावर बसूनही बोलू शकला असता.