बारा नंबरची हिरवळ

थॉर्नी ग्रीनच्या चर्चच्या हॉलमध्ये दर जूनमध्ये गावच्या इतिहासाचं प्रदर्शन भरतं. गाव म्हणायची नुसती सवय राहिलीय, लंडननं त्याला केव्हाच पोटात घातलंय. टेबलांवर जुने फोटो मांडतात, कोपऱ्यात चहा उकळत असतो आणि स्पंज केक कुणाचा जास्त फुगलाय यावर बायकांचं आपसांत चाललेलं असतं.

ब्रायनी या भागात राहायला येऊन तीन वर्षं झाली होती, पण हॉलमध्ये ती पहिल्यांदाच येत होती, आणि तेही एकटी. अडीच वर्षांचा रूफस घरी बापाजवळ होता. उकाडा असह्य होता. ओवेन म्हणाला होता, तू जा, तासभर मोकळी हो, आम्ही बागेत पाणी खेळतो. टोपी, क्रीम आणि पाण्याजवळून हलायचं नाही, हे तिनं तीनदा बजावलं. चौथ्यांदा बजावायला फाटकातून मागे फिरली, तेव्हा त्यानं हसत दारच लावून घेतलं.

फोटोंमधल्या बायका कोपरापर्यंत बाह्या सारून उभ्या होत्या. एके काळी अर्ध्या लंडनचे कपडे इथे धुवायला यायचे. शेजारी एक मोठा नकाशा लावला होता, सव्वाशे वर्षांपूर्वीचा. ब्रायनीनं त्यावर आपला रस्ता शोधला, मग आपलं घर, बारा नंबर. घरामागे शाईनं काढलेलं एक लहानसं वर्तुळ होतं.

पलीकडच्या घरातले मिस्टर पेलो बशी हातात धरून तिच्या बाजूलाच उभे होते. वय एक्याऐंशी. तिला ते फारसे आवडत नसत. रूफस बागेत गेला की यांच्या वरच्या खिडकीचा पडदा हललाच म्हणून समजा. ओवेनला तिनं दोनदा सांगितलं होतं. एक कडक चिठ्ठीही मनातल्या मनात लिहून ठेवली होती. पण बाजूला माणूस उभा आहे, काहीतरी बोलायला हवं, म्हणून तिनं विचारलं की हे वर्तुळ कसलं.

"लाँड्रीची विहीर," ते म्हणाले. "साठेक फूट असेल. तुमच्या हिरवळीखाली आहे."

आज पाऊस पडेलसं दिसत नाही, असं म्हणावं तसं ते म्हणाले. ब्रायनी हसली. बुजवली असेल ना, असं तिनं विचारलं.

नाही, बुजवायची राहूनच गेली, असं त्यांनी सांगितलं. लाँड्री बंद झाली तेव्हा त्यांच्या वडिलांनी तोंडावर रेल्वेचे जुने लाकडी स्लीपर टाकले आणि वर माती पसरली. ते स्वतः तेव्हा दहा-अकरा वर्षांचे होते, टोपलीनं माती त्यांनीच वाहिली होती.

सत्तर वर्षं झाली. मातीतलं लाकूड. आणि वर रूफसचा तो पाण्यात खेळायचा रबरी टब, दोन मीटर रुंद, भरला की हजारभर लिटर पाणी. जागा तिनंच निवडली होती. हिरवळ तिथे किंचित खोलगट होती, टब कसा छान बसायचा.

"तुम्ही सांगितलं का नाही?"

कपबशांचा आवाज थांबला, इतका तिचा स्वर चढला होता. मिस्टर पेलो कानापर्यंत लाल झाले.

"मला वाटलं, विकणाऱ्यांनी सांगितलं असेलच. आणि उगाच लोकांच्या घरात नाक खुपसायला... बरं वाटत नाही."

ओवेननं फोन उचलला नाही. ब्रायनी पळत सुटली. चप्पल तुटली तशी ती तिनं रस्त्यातच सोडली.

रूफस टबाच्या मधोमध बसून लाल बादलीनं पाणी उपसत होता. ओवेन काठाशी पाइप धरून उभा होता. आली तपासणी, असं तो लेकाला म्हणाला. ब्रायनी फरशीवरच थांबली. ओरडलं तर हे दोघे दचकतील, हे तिला कसं कोण जाणे सुचलं.

"त्याला उचल," ती हळू म्हणाली. "काही विचारू नकोस. हळूच चालत माझ्याकडे ये."

तो आला, तिच्या चेहऱ्याकडे पाहूनच आला. झालंय काय, असं विचारायला त्यानं तोंड उघडलं आणि टबातलं पाणी, कुणी हात लावला नसताना, एका बाजूला झुकलं. कुजकं काहीतरी चावल्यासारखा आवाज झाला. टब मधोमध दुमडला आणि आत गेला. मागोमाग पाइप सापासारखा सरसरत गेला. मग काहीच नाही. दोनेक सेकंदांनी खालून पाणी आपटल्याचा आवाज आला. रूफस बादलीसाठी रडायला लागला.

बाजूच्या फाटकातून मिस्टर पेलो धापा टाकत आले. खांद्यावर जाड दोराचं वेटोळं होतं.

"हा माझ्या मागच्या दारामागे टांगलेला असतो," ते म्हणाले. "तुम्ही राहायला आलात तेव्हापासून. मुलगा बागेत आला की मी वर खिडकीत उभा राहायचो. कधी चुकवलं नाही."

म्हणजे तो पडदा. ब्रायनी त्या दोराकडे बघतच राहिली. मूल बागेत यायला लागल्यापासून हा म्हातारा खिडकीतून पहारा देत होता, पण कुंपणावरून एक वाक्य बोलणं त्याला जमलं नव्हतं. त्याच्या गळ्यात पडावं की मुस्काटात द्यावी, तिला कळेना.

"आणखी काही सांगायचं राहिलंय का?" तिनं विचारलं.

मिस्टर पेलोंनी बुटांकडे पाहिलं.

"लाँड्रीला एका विहिरीचं पाणी पुरायचं नाही. दुसरी तुमच्या त्या बाजूला, चौदा नंबरला आहे. त्यांनी तिथे झोपाळा बसवलाय."

कुंपणापलीकडून झोपाळ्याची करकर ऐकू येत होती. हाक मारली तर झोपाळ्यावरचं मूल तिथेच खाली उडी मारेल, म्हणून ब्रायनी अनवाणीच चौदा नंबरच्या दाराशी पोचली. या लोकांशी ती आजवर मान हलवण्यापलीकडे बोलली नव्हती. शनिवारी, ऐन जेवणाच्या वेळी कुणाची बेल वाजवणं इथे शोभत नाही. पायांना चिखल लागलाय, कशी दिसत असेन, नावं तरी कुठे माहीत आहेत, असं मनात आलं आणि तिचं बोट बेलच्या अलीकडे खरोखरच थबकलं.

त्या एका क्षणानं ती जितकी हादरली, तितकी मघाच्या त्या खड्ड्यानंही हादरली नव्हती. तिनं बेल दाबली आणि दार उघडेपर्यंत बोट काढलं नाही.