आप्पासाहेबांचा जिना

हेमा गेल्याचा फोन आला तेव्हा श्याम कसब्यातल्या ऑफिसात ट्रेसिंग पेपरवरची खिडकी ब्लेडने खरवडत होता. छातीत दुखतंय म्हणून ती सकाळी एकटीच रिक्षाने दवाखान्यात गेली होती. "तुम्ही नका येऊ, त्या खिडकीचं ड्रॉइंग आज साइटवर जायला हवं," म्हणाली होती. फोन ठेवून त्याने खिडकी पुरी खरवडली, मगच चपला घातल्या.

नवरा-बायको दोघेही आर्किटेक्ट. श्याम बोर्डावर काढायचा, हेमा कॉम्प्युटरवर. ते सॉफ्टवेअर तिनेच हट्टाने आणलं होतं. त्यात प्लॅनमधली भिंत सरकवली की सेक्शनमध्ये, म्हणजे घराच्या उभ्या छेदात, आणि समोरून दिसणाऱ्या एलेव्हेशनमध्ये आपोआप सरकायची.

"अहो, ते ब्लेड आता दाढीला ठेवा."

"मग उरलेल्या वेळात करायचं काय?"

"विचार. कधीतरी करून बघा."

आप्पासाहेबांचा मुलगा आयटीत लागला आणि त्यांनी धायरीत घर बांधायला काढलं, नकाशाचं काम या दोघांकडे दिलं. त्यांना नकाशा कळत नसे. हेमाने स्क्रीनवर घरभर फिरवून आणलं, तेव्हा पाया खणण्याआधीच ते म्हणाले, "देवघरात अंधार आहे हो." हेमाने जिना वळवला आणि वरून उजेड थेट देवघरात सोडला. प्रिंट काढली नाही. बदल होणारच, कागद कशाला नासायचा, म्हणाली.

तेरावं झाल्यावर आप्पासाहेब आले. "ताईंचं सगळं तसंच राहू द्या. जिना तेवढा वीतभर अलीकडे घ्या."

श्यामने फाइल उघडली. ट्रेसिंगवर करायचा तसंच केलं. प्लॅनमधला जिना आधी पुसला, म्हणजे सेक्शन समोर ठेवून नवा काढता येईल. सेव्ह केलं, कॉम्प्युटर बंद केला, जेवून आला. सेक्शन उघडला तर तिथेही जिना नव्हता. कुठेच नव्हता.

सॉफ्टवेअर विकणाऱ्याने फोनवर विचारलं, "दुसरी कॉपी आहे का, सर?"

"नाही."

"मग नाही येणार. त्यात जिना एकच असतो. बाकी सगळे त्याचे फोटो."

श्याम बोर्डावर बसला. पायऱ्या बसल्या तर डोकं तुळईला लागे. डोकं वाचलं तर उजेड देवघरापर्यंत पोचत नसे. हेमाने कसं जमवलं होतं ते त्याने कधी विचारलंच नव्हतं.

साइटवर दत्तोबा मिस्त्री म्हणाला, "सायेब, जिन्याचं काय? का आप्पासायबास्नी शिडी लावू?"

"देतो."

"परवाबी देतोच म्हनला हुता."

भिंती खिडक्यांपर्यंत आल्या आहेत. जिन्याचं ड्रॉइंग अजून द्यायचं आहे.