धाकटीचं हिरवं

धाकटीचं शेत गडद हिरवं दिसायला लागलं आणि माझ्या डोळ्याला डोळा लागेना. शेतात जाऊन बघितलं असं नाही हं. फोनमध्ये. आमच्या दोघींच्या शेतांच्या मधे उंच झाडांची रांग आहे, त्यामुळे पूर्वी तिचं पीक बघायचं म्हणजे काहीतरी निमित्त काढून बांधावरून चक्कर मारावी लागायची. आता तेही नको. घरात बसून भाजी चिरता चिरता बोटानं नकाशा मोठा केला की झालं. जळायची सोय घरपोच.

धाकटी म्हणजे माझी जाऊ, माझ्या दिराची बायको. ते ॲप तिनंच आणलं. शेती केंद्रातल्या मॅडमनी तिला शिकवलं आणि तिनं आम्हा सगळ्यांना. फोन हातात धरून शेताच्या कडेनं एक फेरी मारायची, की नकाशात आपल्या शेताची रेघ उमटते. मग दर आठवड्याला वरून उपग्रह फोटो काढतो आणि शेत रंगवून पाठवतो. गडद हिरवं म्हणजे पीक जोमात. पोपटी म्हणजे बरं. पिवळं म्हणजे लक्ष द्या. लाल म्हणजे बसा बोंबलत. माझ्या शेताची फेरी मारताना बया माझ्या पुढे चालत होती आणि वर मला सांगत होती, "ताई, इथे जरा पाय जपून." माझ्याच शेतात! मी म्हटलं, "तू जप."

पहिला नकाशा आला. तिचं गडद हिरवं. माझं पोपटी, आणि मधोमध नायट्यासारखा एक पिवळा डाग.

आता कोणी म्हणेल, रंगाचं काय एवढं घेऊन बसायचं? तर ते बाबांमुळे. बाबा म्हणजे आमचे सासरे. त्यांनी दोन्ही मुलांना शेतं वाटून दिली, पण विहिरीजवळचा तुकडा स्वतःकडे ठेवला होता. ती जमीन म्हणजे नुसतं लोणी. यंदा गुडघ्यांनी दगा दिला आणि बाबा ओसरीवरच्या खुर्चीत अडकले. गहू पेरायच्या वेळी आम्हा दोघींना समोर बसवून म्हणाले, "माझ्याच्यानं आता होत नाही. यंदा तुमचं दोघींचं पीक बघतो. जिचं चांगलं, तिनं तो तुकडा करायचा." मुलांचं नावही काढलं नाही. काढून उपयोग काय? आमचे हे गोदामात, दीर बसवर ड्रायव्हर. शेती दोघींच्याच हातात.

तो तुकडा मला हवा होता. हवा होता म्हणजे हवाच होता. लग्न होऊन आले तेव्हापासून त्या मातीत बाबांच्या बरोबरीनं मी राबलेय. धाकटी तेव्हा शाळेत दोन वेण्या घालून फिरत असेल. आणि आता बाबा खुर्चीत बसून पीक बघणार कशावर? तर तिनं बसवून दिलेल्या ॲपवर! नकाशा आला की चष्मा पुसायचे, फोन लांब धरायचे आणि म्हणायचे, "धाकटीचं छान दिसतंय हं." एवढंच वाक्य. पण माझ्या तळपायाची आग मस्तकात जायची.

मी युरिया टाकला. जरा सढळ हातानंच टाकला. पिवळा डाग गेला, पण गडद काही होईना. मग खुरपणीची वेळ झाली म्हणून खुरपणीच्या बायका बोलावल्या. त्यांनी अर्धं शेत चकाचक केलं आणि त्याच आठवड्यात नकाशा आला. बघते तर काय, जिथे खुरपलं होतं तिथे रंग उतरलेला, आणि जिथे तण तसंच होतं तिथे गडद हिरवं. धाकटीच्यासारखं हिरवं. नव्हे, तिच्याहून कांकणभर सरसच.

मी फोनकडे बघितलं, मग आभाळाकडे बघितलं. त्या वरच्या शहाण्याला गहू आणि तण यातलं काही कळत नव्हतं. हिरवं ते हिरवं, संपला विषय.

दुसऱ्या दिवशी बायका आल्या तशी मी त्यांना बांधावरच अडवलं. "राहू दे आता. नको खुरपायला."

त्यांची म्होरकी कमरेवर हात ठेवून उभी राहिली. "वहिनी, बरं आहे ना? अर्धं शेत बाकी आहे. आणि केलेल्या अर्ध्यातही पुन्हा उगवेल."

"उगवू दे."

"गव्हाच्या डोक्यावर बसेल ते."

"शेत माझं आहे की तुझं?"

त्यांनी एकमेकींकडे बघितलं, खुरपी उचलली आणि गेल्या. कुठे गेल्या? धाकटीकडे. तिनं लगेच त्यांना कामाला लावलं. त्या आठवड्यात तिचं शेत खुरपून निघालं आणि नकाशात फिकट झालं. माझं मात्र वाढतच होतं. खरं सांगते, त्या दिवशी मला आनंदाच्या उकळ्या फुटल्या. एकटीच स्वयंपाकघरात हसले.

आमच्या ह्यांनी सुट्टीच्या दिवशी शेतात चक्कर मारली आणि कपाळाला हात लावूनच घरी आले. "अगं, गहू कुठाय? तण माझ्या कमरेला लागतंय!"

"तुम्हाला शेतीतलं काय कळतं?"

"मला नाही कळत, पण..."

"मग पण नाही नि बिण नाही. घरात कुणाजवळ तोंड उघडलंत तर बघा. तुकडा हवाय ना?"

"मला कुठे हवाय? तुलाच हवाय," ते म्हणाले आणि बूट काढायला लागले. भांडायचं कसं ते ह्यांना कधी जमलंच नाही.

पुढच्या नकाशात माझं शेत सगळ्यात गडद होतं. आजूबाजूची सगळी शेतं धरून! बाबांनी मला हाक मारली, चष्मा कपाळावर सरकवला आणि म्हणाले, "थोरले, कमाल केलीस." किती वर्षांनी ऐकलं हे मी त्यांच्या तोंडून! संध्याकाळी धाकटी धावत आली. तिच्या डोळ्यांत कौतुक होतं, आणि तेच मला सहन होत नव्हतं. जरा तरी जळायचं ना बाई! "ताई, काय टाकलंत हो? मला पण सांगा ना."

"काही नाही गं," मी म्हटलं. "हातगुण असतो एकेकाचा."

तिनं मान डोलावली. खरं वाटलं तिला.

वाटलं होतं, आता पोटातलं दुखणं थांबेल. कसलं थांबतंय! उलट माझं शेत एकदा बघायचे आणि तिचं दहादा. ती पुढे तर जात नाही ना? मॅडम तिला काही नवीन तर सांगत नाहीत ना? स्वतःच्या शेतात जायला मला वेळच उरला नाही.

आणि मग एका सकाळी तिचं शेत पिवळं झालं. कोपरा नाही, डाग नाही, अख्खं शेत पिवळं. माझं मात्र हिरवंगार. मी हातातलं काम टाकलं, पदर खोचला आणि तडक ओसरीवर गेले.

"बाबा, बघितलंत? धाकटीचं पिवळं पडलं. सगळं!"

बाबांनी फोन लांब धरला. बघितलं. मग माझ्याकडे बघितलं. आणि हसायलाच लागले. "अगं वेडे, पिकला तिचा गहू! पिवळा नाही होणार तर काय जांभळा होणार?"

जन्म शेतात गेलेली बाई मी, आणि गहू पिकला की पिवळा होतो हे माझ्या डोक्यातून साफ उतरलं होतं.

"पण तुझा अजून हिरवा कसा?" बाबा म्हणाले. मग स्वतःच मान हलवली. "जोरदार आलाय, म्हणून उशीर करतोय बहुतेक. माझी काठी दे. मला बघायचाय."

"ऊन आहे, बाबा. उद्या जाऊ."

"उद्या कशाला? तुकडा तुलाच द्यायचा ठरवलाय मी. काल धाकटी येऊन बसली होती इथे. म्हणाली, ताईंनाच द्या, त्यांना जमलं ते मला नाही जमलं. ते पीक एकदा डोळ्यांनी बघतो आणि मग सगळ्यांना सांगतो."

म्हणजे तुकडा मला मिळाला होता. आणि तोही तिनं दिलेला! मी बाबांचा दंड धरला. किती हळू चालता येईल तितकं हळू चालले. गुडघे त्यांचे दुखत होते आणि पाय माझे उचलत नव्हते. दोनदा म्हटलं, बसा जरा. बसले नाहीत. झाडांची रांग दिसली, आणि तिच्या अलीकडे माझं शेत.

बाबा बांधावर उभे राहिले. तण छातीशी आलं होतं. त्याच्या शेंड्यांना बी धरलं होतं आणि वाऱ्यानं ते भुरभुरत धाकटीच्या बाजूला उडत होतं. बाबांच्या बाहीवरही पडलं.

"यात गहू कुठाय?" त्यांनी विचारलं. आवाज चढवला नाही. चढवला असता तर बरं झालं असतं.

धाकटी कापणीच्या तयारीत होती. आम्हाला बघून विळा हातात घेऊनच झाडांमधून हसत आली, आणि जागच्या जागी थबकली. तीही इतके दिवस माझं शेत फोनमध्येच बघत होती. तिनं शेताकडे बघितलं, बाबांकडे बघितलं, मग माझ्याकडे. आणि फटकन म्हणाली, "बाबा, चूक माझी आहे. मीच ताईंना सांगितलं होतं, नकाशात हिरवं दिसलं पाहिजे म्हणून. त्यांनी माझं ऐकलं."

नुसती मान हलवायची होती मला. बाबांनी तिला दोन शब्द सुनावले असते, मला आणखी एक संधी दिली असती, आणि तुकडा माझा. पण त्या पोरीनं एवढंसं तोंड करून माझ्यासाठी खोटं बोलावं, आणि मी ते घ्यावं? पीक हिचं, कौतुक हिचं, आता चांगुलपणाही हिचाच? माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

"खोटं बोलतेय ती!" मी ओरडले. "काही सांगितलं नाही हिनं. तण मी ठेवलं. मुद्दाम ठेवलं. बायका आल्या होत्या, त्यांना मीच परत पाठवलं. हिच्याहून हिरवं दिसावं म्हणून!"

बाबांनी काठी बांधात रोवली. "तुकडा धाकटीला," ते म्हणाले. "हे तण त्या मातीत गेलं तर काढता काढता तुमच्या नातवंडांच्या पाठी मोडतील." आणि वळले. मी हात पुढे केला, तो त्यांनी धरला नाही. एकटेच काठी टेकत रांगेतल्या पहिल्या झाडापर्यंत गेले आणि सावलीत बसले.

धाकटीला रडू यायला लागलं. रडतानाही बरी दिसते मेली. डोळे पुसत ती माझ्या शेतात शिरली, तण दोन्ही हातांनी बाजूला सारत. खाली वाकून गव्हाची एक ओंबी शोधली, तळहातावर चोळली, फुंकर मारली. बघितलं आणि मूठ मिटली.

"दाखव," मी म्हटलं.

"नको, ताई."

"दाखव म्हणते ना!"

तिनं मूठ उघडली. माझे दाणे. जिऱ्याएवढे, सुरकुतलेले, फुंकरीबरोबर निम्मे उडालेले. पेरणीपासून आतापर्यंतचे माझे सगळे कष्ट त्या पोरीच्या हातावर होते आणि तिला कुठे बघावं कळत नव्हतं. त्या गव्हाचं मला वाईट वाटलं. तुकडा त्या क्षणी मला आठवलाही नाही.

"आता तुझा दाखव," मी म्हटलं.

ती पलीकडे गेली, एक ओंबी तोडून आणली. चोळली, फुंकली आणि दाणे माझ्या तळहातावर ओतले. इतक्या महिन्यांत तिचं पीक मी पहिल्यांदाच हातात घेत होते. टपोरे होते. भरलेले. हाताला वजन लागत होतं. बोटानं एकेक सरकवून बघितला, खोट काढायला एकही सापडला नाही.

मी मूठ घट्ट मिटली. तिनं हात पुढे केला तरी मी त्यातला एकही दाणा तिला परत दिला नाही.