तेरा सेकंदांची अकिला

मित्रांनो, मी एक जुना, कॅसेटवर चालणारा व्हिडिओ कॅमेरा आहे. सांगलीच्या चांदसाहेबांनी मला घेतलं, तेव्हा लग्नघरात मला पाहताच माणसं केस सारखे करायची. पंधरा वर्षं मी हळदीपासून पाठवणीपर्यंत सगळं टिपलं. मग मोबाइल आले, ड्रोन आले आणि मी कपाटावर गेलो.

तिथून मला खाली काढलं त्यांच्या मुलीनं, मिस्बाहनं. तिला सिनेमा करायचा होता. एका घरात कॅसेट सापडते आणि तिच्यात जिन्नानं झपाटलेली बाई दिसते, अशी गोष्ट.

"अब्बा, चित्र गुळगुळीत नको. घरच्या माणसानं काढल्यासारखं पायजे," ती म्हणाली.

माझी म्हातारी, धुरकट नजरच तिला हवी होती! मला केवढा आनंद झाला.

बाईचं काम शेजारच्या अकिलानं केलं. अकिला कपडे शिवायची. चार माणसांत मान वर करायची नाही. सासूला न सांगता ती दुपारी गुळाच्या रिकाम्या गोदामात आली. मिस्बाहनं खूण करताच तिचे डोळे फिरले आणि घशातून असा आवाज निघाला की मीसुद्धा दचकलो.

चूक पुढं झाली. लोकांची उत्सुकता वाढावी म्हणून मिस्बाहनं त्यातले तेरा सेकंद मोबाइलवरून सगळीकडे टाकले. खाली लिहिलं, 'सांगलीत सापडलेली खरी कॅसेट.' दोन दिवसांत ते पार साताऱ्यापर्यंत पोचले. लोकांनी अकिलाला ओळखलं. शिवायला टाकलेली कापडं बायका तशीच परत नेऊ लागल्या. सासूनं तर तिची तीन वर्षांची लेक आपल्या खोलीत घेतली आणि कडी लावली.

अकिला मिस्बाहच्या दारात आली. ओरडली नाही. एवढंच म्हणाली, "पोरगी दाराआड रडती गं. सासू मला हात लावू देईना."

सिनेमा साताऱ्यात दाखवायचं ठरलं होतं, त्याला आठवडाच उरला होता. खरं सांगितलं तर लोकांची भीतीच जाणार, हे मिस्बाहला कळत होतं. मला मांडीवर घेऊन ती बराच वेळ बसली.

शुक्रवारी दुपारच्या नमाजनंतर तिनं गल्लीला घरी बोलावलं, माझ्या वायरी टीव्हीला जोडल्या आणि कॅसेट पहिल्यापासून लावली. अकिला ओढणी सावरत विचारते, "दात वाजवू का गं?" मग ते भयंकर किंचाळणं. आणि लगेच, "झालं का? भात लावायचाय घरी."

माणसं खो खो हसली.

"हे मी लपवलं," मिस्बाह म्हणाली. "अकिलाभाभीचा काय दोष न्हाई. माझा हाय."

सासू हसली नाही. "खोटंखोटं बोलावलं तरी येतोच की त्यो."

चांदसाहेब उठले. "जिन्न हायेत, वैनी. आपल्या किताबात हाय ते. पण सात वर्सं तुमच्या घरात राबणारी सून वळखायला मोबाइल कशाला लागतोय?"

म्हातारी उठून शेजारी आपल्या घरी गेली. कडी वाजली. मग नातीला कडेवर घेऊन ती परत आली आणि तिनं तिला अकिलाच्या मांडीवर बसवलं.

सगळं पहिल्यासारखं झालं, असं नाही. काही गिऱ्हाइकं तुटली ती तुटलीच. साताऱ्यात सिनेमा पाहून फारसं कुणी घाबरलंही नाही. पण पडद्यावर अकिलाचं नाव आलं, तेव्हा बघायला आलेल्या सासूनं बाजूच्या बाईला कोपरानं ढोसून ते दाखवलं.

मित्रांनो, माझी धूळ जमेल तेव्हा पुसा. पण काच कितीही लख्ख असली, तरी समोर धराल तेवढंच मला दिसतं. पाय तुम्हाला आहेत. कुणाचा व्हिडिओ पुढे पाठवण्याआधी एकदा त्या माणसाच्या दारापर्यंत जाऊन या.