खानावळीतली नोंद

सुराबायाच्या त्या गल्लीत विजी इबूंनी, म्हणजे विजीआईंनी, महिनाभर तोरा मिरवला होता. रविवारची भिशी त्यांच्याकडे होती, आणि सगळ्या बायकांसमोर त्या खेळातल्या शेवटच्या राक्षसाला लोळवणार होत्या. तो जुना, हातात धरून खेळायचा व्हिडिओ गेम मुलानं, बायूनं, त्यांच्या फोनवर घालून दिला होता. पेचेलचं, म्हणजे शेंगदाण्याच्या चटणीतल्या उकडलेल्या भाज्यांचं, दुकान आवरलं की त्या खेळायला बसत.

शनिवारी बायू घरी आला आणि घात झाला. गंमत म्हणून त्यानं फोनमधली स्वतःची जुनी खूण, म्हणजे पूर्वी त्यानं खेळ थांबवला होता ती जागा, उघडली. खेळ मागे, पहिल्या गावात गेला. या खेळात झालेली मजल खानावळीत जतन होते; तिथे त्यानं सवयीनं नोंद केली. नोंदीला जागा एकच. इबूंची सगळी मजल पुसली गेली.

इबूंनी फोन पालथा ठेवला आणि बायूचं ताट वाढलं.

"नेटवर कुणाचा तरी पूर्ण झालेला खेळ मिळतो, इबू. दोन मिनिटांत उतरवतो. कुणाला कळणारसुद्धा नाही."

"दुसऱ्याचं पोर कडेवर घेऊन माझं म्हणून मिरवू? गप जेव."

रविवारी बायका जमल्या. इबूंनी फोन टीव्हीला जोडला आणि झालं ते सरळ सांगून टाकलं.

"म्हणजे राक्षस नव्हताच म्हण की," शेजारची ङातिना म्हणाली. दोघीचौघी हसल्या.

इबूंनी नवा खेळ सुरू केला. अंधाऱ्या गुहेत पडद्यावर काहीच दिसेना, पण त्या बोलत गेल्या. "आता डावीकडे जिना. इथे पेटी आहे, पण हात लावायचा नाही, चावते." प्रत्येक गोष्ट त्या म्हणतील तिथेच निघाली. हसणाऱ्या बायका पुढे सरकल्या. चहा निवला तरी कुणी उठेना. इबूंची मान ताठ झाली होती, आणि ते त्यांना स्वतःलाही आवडत होतं.

"त्या लढणाऱ्या पोराचं नाव काय गं?" ङातिनानं विचारलं.

"बायू," मुलगाच ऐटीत बोलला. "दरवेळी माझंच ठेवते."

तेवढ्यात लढाई लागली आणि पडद्यावर नाव आलं. विजी.

बायू आईकडे बघतच राहिला.

"बघतोस काय?" फोनवरची नजर न काढता इबू म्हणाल्या. "भिशीत आज नंबर माझा लागलाय."